गणपती लाँड्रीची अक्षरं

माझ्या बोलण्यावर आमच्या गल्लीत कुणाचा फारसा विश्वास नाही, हे आधीच सांगून टाकतो. पाटबंधारे खात्यात कारकुनीत एकतीस वर्षं काढली, त्यातली नऊ राधानगरीला. तिथं एका जूनमध्ये वाळत घातलेला माझा लेंगा ऑक्टोबरात वाळला, आणि त्याच्या खिशात भाताचं रोप आलं होतं, लोंबीसकट. लोक हसतात. हसू देत. ती लोंबी मी स्वतः सोलून पाहिली आहे, दाणा भरलेला होता.

पण आज जे सांगणार आहे त्यात पदरचं काही घातलेलं नाही. पदरचं घालताना माणूस स्वतःला जरा बरा दाखवतो, आणि या गोष्टीत तशी सोयच नाही.

साल सत्त्याण्णव. मला निवृत्त होऊन तीन वर्षं झालेली आणि मी आमच्या चिंचेखालच्या तालमीचा बिनविरोध अध्यक्ष. बिनविरोध म्हणजे बाकी कुणाला वेळ नव्हता. बाहेरगावच्या माणसाला वाटतं तालीम म्हणजे कुस्ती. आमच्या हौद्यात शेवटची कुस्ती कधी झाली ते आठवणारा माणूससुद्धा आता राहिला नाही. तालमीत फुटबॉलची टीम आहे, आणि कोल्हापुरात टीम हरली तर गल्लीतल्या चुली आठ दिवस नाराजीनं पेटतात.

तालमीला लागून गणपतीची लाँड्री. गणपती आणि मी एका वर्गात, एका बाकावर, आणि गणितात एकाच वर्षी नापास. टीमचे कपडे धुवायचं काम कायम त्याचं. कुणी सोपवलं होतं असं नाही. आदल्या वर्षी जुन्या जर्स्या विरल्या तेव्हा त्यानंच चौदा नव्या आणल्या, जांभळ्या. त्यांच्या पाठीवर त्यानं इस्त्रीनं चिकटणारी पिवळी अक्षरं लावली : ‘गणपती लाँड्री’. ही अक्षरं तेव्हा नवलाईची. खालच्या बाजूला डिंकाचा पापुद्रा असतो. वरून तापलेली इस्त्री दाबली की तो वितळतो आणि कापडाला मिठी मारतो. त्या अख्ख्या हंगामात गणपती आमच्याच गोलच्या मागं उभा राहिला. हाफटाइमला बाजू बदलली की तोही मैदानाला वळसा घालून दुसऱ्या टोकाला जायचा. कारण विचारलं तर म्हणायचा, “हितनं खेळ चांगला दिसतोय.” खेळ कसला! तिथून पोरांच्या पाठी दिसायच्या.

त्या वर्षी शाहूपुरीत जयसिंगपूरच्या वीरेशनं फर्निचरचं दुकान थाटलं. तरुण, उत्साही, बोलायला गोड. त्यानं टीमला चौदा जोड बूट देऊ केले. अट एकच : जर्सीवर नाव ‘वीरेश फर्निचर’. आमच्या कॅप्टन पिराजीच्या बुटातून त्या वेळी त्याचा अंगठा लोकांना रामराम करायचा. बैठक पाच मिनिटांत संपली. मग सगळ्यांना एकदम गणपती आठवला.

पिराजी म्हणाला, “अण्णा, तुमी सांगा त्यास्नी. तुमचा दोस्त हाय.”

“त्यात काय अवघड हाय? सांगतो की,” मी म्हणालो.

त्यात काय अवघड होतं ते लाँड्रीच्या पायरीवर समजलं. गणपती सदऱ्याची कॉलर दाबत होता. मी म्हणालो, “जर्स्या पायजेत.”

“कशाला?”

मी तोंड उघडलं आणि आतून जे आलं ते असं : “पूजेला. हंगामाची पूजा हाय तालमीत.”

त्यानं चौदा घड्या माझ्या हातावर ठेवल्या. मग आत जाऊन एक नारळ आणला आणि वर ठेवला. “माझ्याकडनं ह्यो फोड, सिद्ध्या.”

मी आयुष्यात शेकड्यानं थापा मारल्या. लेंग्यातलं भात त्यातलंच, असं बायको म्हणते. पण त्या सगळ्या माणसांना हसवायला होत्या. ही पहिली, जी मी स्वतःची सुटका करून घ्यायला मारली. आणि तिला नारळाचं वजन होतं.

मी मनाशी ठरवलं : आधी नाव काढू, मग सांगू. झालेली गोष्ट सांगायला सोपी असते. एकतीस वर्षं सरकारी पत्रव्यवहार केल्यावर माणूस असाच विचार करतो.

अक्षरं निघाली लगेच. गरम इस्त्री ठेवायची, कोपरा नखानं धरायचा, ओढायचं. पहिल्या दुपारी मी चौदा पाठी मोकळ्या केल्या आणि चहा मागितला. बायको दानम्मा चहा घेऊन आली, तिनं वरची जर्सी उचलली, तर खालच्या तेराही तिच्याबरोबर उठल्या. अक्षरं निघाली होती, डिंक तिथंच होता. आणि मी गरम जर्स्या एकावर एक रचल्या होत्या.

दानम्मा संकेश्वरकडची. तिचा राग साधा असला की मराठीत येतो, मोठा असला की कानडीत. ती म्हणाली, “येन री इदु?” म्हणजे काय हो हे. मी समजलो.

एका टोकाला ती, एका टोकाला मी, असं रस्सीखेच केल्यासारखं आम्ही त्या जर्स्या सोडवल्या. प्रत्येक पाठीवर चकचकीत, पारदर्शक ‘गणपती लाँड्री’ तशीच होती, नुसता पिवळा रंग गेलेला. बोट लावलं की बोट चिकटायचं. पुढचे दोन दिवस आमच्या घरात झुरळ दिसलं नाही. सगळी ‘ग’च्या गोलात अडकलेली सापडली. हेही कुणाला खरं वाटत नाही.

आता कोल्हापुरात अडचण घरात ठेवता येत नाही. दारात दोरीवर चौदा जर्स्या बघून शेजारच्या शालूबाई आल्याच. आमच्याकडच्या बायका पुरुषासारखं बोलतात, त्यात शालूबाई आवाजानंही तशाच. “अण्णा, मी सांगतो की तुमाला! बरफ लावा. पोराच्या डोस्क्यात चिंगम चिकटलंतं, बरफ लावून मी काढलं की!”

“निघालं?”

“निघालं की! केसबी निघालं थोडं.”

जर्स्या फ्रीजच्या बर्फाच्या कप्प्यात गेल्या. दुधाची पातेली बाहेर आली, दूध नासलं, ते पाप माझ्या नावावर लागलं. दुसऱ्या दिवशी जर्सी पापडासारखी कडक. मी विळीच्या टोकानं डिंक खरवडायला बसलो. तासाभरात ‘ल’वरची चंद्रकोर निघाली, तीसुद्धा थोडं कापड घेऊन. या हिशेबानं पुरं नाव निघायला मला दुसरी निवृत्ती घ्यावी लागली असती.

समोरचा नागसेन कॉलेजात रसायनशास्त्र शिकवतो. त्याचं म्हणणं, हे शास्त्रशुद्ध नाही. त्यानं जर्सी उजेडाकडं धरली, चष्मा कपाळावर चढवला आणि म्हणाला, “अण्णा, हा उष्णतेनं वितळणारा पॉलिमर आहे. याला द्रावक पाहिजे. स्पिरिट लावून बघा, नाहीतर रॉकेल. पण आधी कोपऱ्यात थोडंसं लावून बघा. आणि एक विचारू का? गणपतीकाकांना का विचारत नाही? त्यांचा धंदाच आहे हा.”

हा प्रश्न मला त्या आठवड्यात अकरा माणसांनी विचारला. गल्लीत डाग कसलाही पडो, पानाचा, शाईचा, लग्नातल्या हळदीचा, माणूस सरळ गणपतीकडं जातो. त्याच्या हातातून डाग घेऊन परत आलेलं कापड मी पाहिलं नाही. अख्ख्या कोल्हापुरात हा डिंक काढू शकणारा माणूस माझ्या घरापासून साठ पावलांवर होता, आणि तेवढा एकच माणूस मला चालणार नव्हता. मी नागसेनला म्हणालो, “गणपतीला सध्या लग्नसराईचं काम हाय.” मार्गशीर्षाला अजून अवकाश होता. नागसेन सभ्य माणूस, चष्मा खाली घेऊन घरी गेला.

औषधाच्या दुकानात स्पिरिटची अंगठ्याएवढी बाटली मिळाली. ती दोन अक्षरांत संपली. पाच लिटर मागितलं तर दुकानदारानं मला वरपासून खालपर्यंत बघितलं आणि परवाना विचारला. राहिलं रॉकेल. रॉकेल तेव्हा रेशनकार्डावर, आणि आमच्या घरात गॅस आल्यापासून कार्डावरचं रॉकेल बंद. ते चालू करायला अर्ज. मी रेशनच्या कार्यालयात गेलो. खिडकीत एक बाई होत्या, शांत, नेमक्या. त्यांनी माझा अर्ज वाचला.

“वापराच्या उद्देशात काय लिहिलंय हे?”

“जर्सीवरचा डिंक काढणे.”

“छापील अर्जात दोनच रकाने आहेत. प्रकाश आणि स्वयंपाक.”

“इतर असं लिहा की बाई.”

“इतर लिहिलं तर वरून विचारतील, इतर म्हणजे काय.”

हेच वाक्य मी चौऱ्याहत्तर साली एका म्हाताऱ्याला ऐकवलं होतं, जवळजवळ याच आवाजात. त्या म्हाताऱ्याला पाटाचं पाणी कशाला हवं होतं ते आज मला आठवत नाही. बाईंनी मान खाली घातल्यावर मी त्यांना मनातल्या मनात नमस्कार केला. त्या म्हाताऱ्याला केला की बाईंना, ते नीट सांगता यायचं नाही. मग मी म्हणालो, “बरं, स्वयंपाक लिहा.”

“किती माणसांचा?”

“चौदा.”

“कार्डावर दोनच नावं आहेत,” असं म्हणून त्यांनी अर्ज परत केला. आत त्या हसल्या असाव्यात. मी वळून बघितलं नाही.

शेवटी रॉकेल शालूबाईंच्या डब्यातून आलं. परसात घमेलं ठेवून मी चौदा पाठी चोळल्या. घराला रॉकेलचा वास, जेवणाला रॉकेलचा वास. दानम्मानं आठ दिवस माझ्या जवळपास काडी ओढली नाही. पण वाळल्यावर चमत्कार! पाठी स्वच्छ दिसत होत्या. चमक गेली, अक्षरं दिसेनात. हाताला किंचित चिकट लागत होतं, पण हाताचं काय, माझ्या हाताला त्या दिवसांत सगळंच चिकट लागत होतं. मी जाहीर केलं की काम झालं. आणि गणपतीला उद्या सांगायचं ठरवलं. ते उद्या रोज एक दिवस पुढं सरकत राहिलं.

रविवारी सरावाचा सामना होता. वीरेशची अक्षरं अजून यायची होती, म्हणून पोरं कोऱ्या पाठींनी उतरली. पायात मात्र नवे बूट. वीरेश ते बघायला मुद्दाम आला आणि माझ्या शेजारी बसला. गणपती नेहमीप्रमाणे गोलच्या मागं जाऊन उभा राहिला.

मी त्याला लांबून बघत होतो. टीम पुढं पळाली. चौदातल्या अकरा पाठी त्याच्यासमोर आल्या, कोऱ्या. तो जागचा हलला नाही. फक्त हात वर करून गोलचा खांब धरला, बसमध्ये उभा माणूस धरतो तसा.

आणि मग पिराजी पाठीवर पडला.

आमच्या मैदानाची माती तांबडी आणि बारीक. पिराजी उठला तेव्हा त्याच्या जांभळ्या पाठीवर, कुणी गेरूनं लिहावी तशी, ‘गणप’ एवढी अक्षरं होती. पुढच्या खेपेला ‘लाँड्री’ आली. डिंक गेलाच नव्हता. रॉकेलनं नुसता त्याचा चकचकीतपणा घालवून त्याला ताजा केला होता, आणि तो मातीची वाट बघत बसला होता. जो पडेल त्याच्या पाठीवर नाव उमटू लागलं. आमची टीम पडण्यात कुणाला हार जाणारी नव्हे. पंधराव्या मिनिटाला सात पाठी लिहून झाल्या होत्या. लोक उभे राहून ओरडायला लागले, “आली रं आली, गणपती लाँड्री आली!”

वीरेश माझ्याकडं वळला. “अण्णा, हे काय हाय?”

“माती,” मी म्हणालो.

लोक गणपतीकडं बघून टाळ्या वाजवत होते. त्यांना वाटलं, ही त्याचीच काहीतरी करामत. त्यानं खांब सोडला. पायजम्याला हात पुसले आणि मैदानाच्या कडेकडेनं, हाफटाइमच्याही आधी, तो बाहेर पडला. लोक त्याच्या नावानं ओरडत होते आणि तो पाठमोरा चालला होता. इतक्या वर्षांत सामना अर्धा टाकून गेलेला मी त्याला कधी बघितला नव्हता. त्या सामन्यात पुढं काय झालं मला माहीत नाही. मी तिथंच बसलो होतो, तरी माहीत नाही.

सोमवारी सकाळी मी जर्स्यांचं गाठोडं घेऊन साठ पावलं चाललो. जाताना एक वाक्य पाठ केलं होतं : ‘गणपती, मी तुला सांगणारच हुतो, पण पोरांच्या बुटांचा प्रश्न आला.’ चांगलं वाक्य होतं. त्यात पोरं पुढं होती आणि मी मागं.

गणपती कोळशाची इस्त्री फुंकत होता. “ठेव हितं,” म्हणाला.

“गणपती, मी तुला—”

त्यानं वरची जर्सी उचलून नाकाला लावली. “रॉकेल?”

“व्हय.”

“आनी?”

“बरफ. स्पिरिट, जरासं.”

त्यानं कापड उजेडाकडं धरलं. ‘ल’च्या जागी भोकातून उजेड आला. “हे कशानं केलंस?”

“विळीनं.”

त्यानं त्या भोकात बोट घालून बघितलं. मग म्हणाला, “मर्दा, नाव काढायचं हुतं तर काढायचं की. कापडानं तुझं काय घोडं मारलंतं?”

माझं पाठ केलेलं वाक्य कुठं गेलं ते आजवर सापडलेलं नाही.

“त्यो खाकी कागद दे,” तो म्हणाला. मी दिला. त्यानं जर्सी उलटी करून पसरली, पाठीच्या खाली-वर कागद घातला आणि इस्त्री ठेवली. दाबली नाही, नुसती ठेवली, आजारी पोराच्या कपाळावर हात ठेवतात तशी. थोड्या वेळानं कागद सोलून घेतला. कागदावर डिंकाचा डाग उमटला होता, अख्खा, उलट्या अक्षरांचा. कापडावरचा तेवढा कमी झाला होता. दुसरा कागद, तिसरा कागद. प्रत्येक कागदावर नाव आधीपेक्षा फिकट. पाचव्यावर काहीच नव्हतं. मग मागच्या बाजूनं स्पिरिटचा बोळा, अगदी टिपून, आणि कोमट पाण्यात साबण.

“ऊब दिऊन बसवलंय ते. ऊब दिऊनच निघंल,” तो म्हणाला. “वढून काय निघतंय?”

वापरलेला प्रत्येक कागद तो चुरगाळून शेगडीत टाकत होता. डिंक जळताना क्षणभर वेगळीच ज्योत यायची. चौदा जर्स्या म्हणजे सत्तर कागद. मी कागद देत होतो, तो टाकत होता. दुपार झाली.

“तू रागावलाईस,” मी शेवटी म्हणालो.

“नावाचा राग न्हाय. नाव काय, आज माजं, उद्या दुसऱ्याचं.” त्यानं इस्त्री बाजूला घेतली. “पूजेला म्हनून न्हेलास. मी नारळ दिलता.”

मी खाली बघत म्हणालो, “त्याची चटणी झाली.”

त्याची मिशी हलली. पण हसू बाहेर आलं नाही, आत गेलं. थोड्या वेळानं तो म्हणाला, “बूट चांगलं दिल्यात पोरास्नी. मी बघितलं.” मग विळीच्या भोकाला आतून ठिगळ लावायला घेतलं.

वीरेशची अक्षरं आल्यावर तीही त्यानंच बसवली, दोरा ताणून, एका ओळीत. मी लावली असती तर ‘फर्निचर’ कमरेखाली गेलं असतं. सगळं करताना तो माझ्याशी नीट बोलला. कागद दे, बाजूला सर, पाणी आण. फक्त सिद्ध्या म्हणाला नाही. हे माझ्या लक्षात यायला चार दिवस लागले.

पुढच्या रविवारी स्पर्धेचा पहिला सामना आम्ही जिंकलो. कसा, ते सांगितलं तर तुम्ही म्हणाल अण्णानं पदरचं घातलं, म्हणून सांगत नाही. मी दोन्ही गोलांच्या मागं बघितलं. गणपती आला नव्हता. सामना संपल्यावर पोरांनी जर्स्या काढून ढीग केला आणि सगळी त्या ढिगाभोवती नुसती उभी राहिली. उचलून कुठं न्यायचा, हे कुणी बोलेना. वीरेश भल्या मनानं म्हणाला, “माज्याकडं द्या, दुकानातल्या पडद्यांसंगं मशीनला लावतो.”

“नगं,” मी म्हणालो.

एकसष्टाव्या वर्षी, बिनविरोध अध्यक्ष असताना, घामाचं ओलं गाठोडं खांद्यावर घेऊन मी बाजारातून चालत गेलो. लोक विचारत होते. नेहमीप्रमाणे काहीतरी रचून सांगता आलं असतं. त्या दिवशी मी कुणाला काही सांगितलं नाही.

लाँड्रीत गणपती एकटाच होता. मी गाठोडं कट्ट्यावर ठेवलं. त्यानं चष्मा लावला, पावतीपुस्तक पुढं ओढलं.

“बोला पावणं,” तो म्हणाला.

मी मागं वळून बघितलं, दुसरं कुणी गिऱ्हाईक आलंय का. नव्हतं.

“नग किती?”

“चौदा.”

“नाव काय लिवू?”

तालमीच्या कपड्याला त्यानं कधी पावती फाडली नव्हती, आणि माझं नाव त्याला माझ्या आईनंतर सगळ्यात जास्त पाठ होतं. मी त्याच्या तोंडाकडं बघितलं, पण मान पुस्तकावर वाकलेली. मिशी हलत होती की नाही ते काही दिसेना. मग मी तलाठ्यापुढं सांगतात तसं सगळं सांगितलं. सिद्धाप्पा शिवलिंगाप्पा हुक्केरी, वय एकसष्ट, राहणार शाहूपुरी, साठ पावलांवर. त्यानं ते सगळं वळणदार अक्षरात लिहून घेतलं, घाई न करता, आणि पावती फाडून माझ्या हातात दिली.

“बुधवारी या. पावती आना, त्याबिगार मिळणार न्हाय.”

मी ती घडी घालून सदऱ्याच्या खिशात ठेवली.

मी मंगळवारीच जाऊन बसलो.